राउल कुतार : छायालेखक आणि दिग्दर्शक

फ्रेंच चित्रपटाच्या इतिहासग्रंथांत राउल कुतार (१९२४–२०१६) ह्यांचा निर्देश बहुधा ज्याँ-ल्यूक गोदार ह्यांचे छायालेखक म्हणून होतो. हा निर्देश यथार्थ असला तरी अपुरा आहे. कुतार ह्यांनी तीन कथापट स्वतः दिग्दर्शित केले. ते विचारात घेतल्यावाचून त्यांच्या छायालेखनाचे मर्मही पुरते उलगडत नाही.

कुतार ह्यांची जडणघडण स्टुडिओत झाली नाही. इंडोचीनमधील फ्रेंच युद्धाच्या काळात ते वृत्तछायाचित्रकार होते. तेथे प्येर शॉन्डर्फर ह्यांच्याशी झालेल्या परिचयातून, अफगाणिस्तानात चित्रित झालेल्या ‘ला पास द्यू दियाब्ल’ (१९५८) ह्या चित्रपटाचे छायालेखन त्यांच्याकडे आले. रणभूमीवर प्रकाश मांडून ठेवता येत नाही. असेल त्या उजेडात काम साधावे लागते. ही शिस्त कुतार ह्यांनी पॅरिसमध्ये आणली. गोदार ह्यांच्या ‘आ बू द सूफ्ल’ (१९६०) मधील रात्रीच्या दृश्यांसाठी त्यांनी स्थिर छायाचित्रणाच्या अतिसंवेदनशील फिल्मचे तुकडे जोडून वापरले, कॅमेरा हाती धरला आणि फिरत्या दृश्यांसाठी रुळांऐवजी चाकांची खुर्ची पुरेशी मानली. पुढे खोलीतील दृश्यांसाठी दिव्यांचा झोत छतावर टाकून परावर्तित प्रकाश घेण्याची रीत त्यांनी अवलंबिली. तीमुळे नटांना हालचालीची मोकळीक मिळाली. नवप्रवाहाचे सौंदर्यशास्त्र म्हणून ज्याची चर्चा होते, त्याचा काही अंश अशा प्रकारे वृत्तछायाचित्रकाराच्या व्यावसायिक गरजेतून उद्भवला आहे. तथापि कुतार एका शैलीत अडकले नाहीत. त्रुफो ह्यांचा ‘झ्यूल ए जिम’ (१९६२) आणि कोस्ता-गावरास ह्यांचा ‘झेड’ (१९६९) ह्यांची साक्ष देतात.

दिग्दर्शक म्हणून त्यांनी प्रथम ज्या विषयाला हात घातला, तो व्हिएतनामचाच होता. ‘होआ-बिन्ह’ (१९७०) ह्या शीर्षकाचा अर्थ ‘शांतता’ असा आहे. बाप लढ्यात निघून गेलेला व आई मृत झालेली, अशा अवस्थेत धाकट्या बहिणीला सांभाळणाऱ्या एका मुलाची ही कथा होय. युद्ध येथे मुलाच्या नजरेच्या उंचीवरून दिसते. न्यायनिवाडा केला जात नाही. ह्या चित्रपटास कान महोत्सवात पहिल्या कलाकृतीचे पारितोषिक मिळाले. त्यानंतरचा ‘ला लेझियाँ सोत स्यूर कोल्वेझी’ (१९८०) मात्र झाईरमधील १९७८ च्या फ्रेंच लष्करी कारवाईवर आधारलेला असून त्याचा दृष्टिकोन मुख्यतः उतरणाऱ्या छत्रीधारी सैनिकांचा आहे. तिसरा चित्रपट (१९८३) हेरकथेचा होता.

पहिल्या दोन चित्रपटांतील हे अंतर इतिहासाच्या अभ्यासकास उद्बोधक वाटावे. उपलब्ध प्रकाशात टिपलेले दृश्य प्रेक्षकास सहज सत्य भासते. परंतु कॅमेरा कोणाच्या बाजूला उभा आहे, हा प्रश्न त्या प्रकाशाने सुटत नाही. गोदार ह्यांच्या चित्रपटांत ह्या निवडीचे श्रेय आणि तिचा दोष दिग्दर्शकाकडे जात असे. स्वतःच्या चित्रपटांत कुतार ह्यांना ती निवड स्वतः करावी लागली, आणि दोन युद्धांच्या बाबतीत त्यांनी ती भिन्न रीतीने केली. छायालेखकाच्या कार्याचे मूल्यमापन करताना तंत्रकौशल्याइतकाच हा भेदही लक्षात घेणे अगत्याचे आहे.