यिल्माझ गुने : तुर्की पडद्यावरचा ‘कुरूप राजा’

तुर्कस्तानचे ख्यातनाम अभिनेते व दिग्दर्शक यिल्माझ गुने यांचा जन्म १९३७ मध्ये अदाना शहरानजीकच्या एका खेड्यात गरीब कुर्द कुटुंबात झाला. साठच्या दशकात मारधाडपटांतील रांगड्या नायकाच्या भूमिकांनी ते घराघरांत पोहोचले. देखण्या नायकांच्या त्या जमान्यात प्रेक्षकांनी त्यांना ‘कुरूप राजा’ ही पदवी बहाल केली. ‘उमुत’ (आशा, १९७०) मध्ये त्यांनी मोटारीच्या धडकेत घोडा गमावलेल्या टांगेवाल्याची ससेहोलपट साकारली. सेन्सॉरने त्यावर बंदी घातली.

डाव्या विचारांपायी त्यांनी पूर्वीही तुरुंगवास भोगला होता. १९७४ मध्ये मात्र एका न्यायाधीशाच्या हत्येप्रकरणी त्यांना अटक झाली व पुढे १९ वर्षांची शिक्षा ठोठावण्यात आली. तुरुंगातूनच त्यांनी ‘सुरू’ आणि ‘योल’च्या पटकथा लिहिल्या, दिग्दर्शन अनुक्रमे झेकी ऑक्तेन व शेरीफ गोरेन यांनी केले. १९८१ मध्ये गुने निसटले. ‘योल’ला १९८२ च्या कान महोत्सवात ‘मिसिंग’सह सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला, मायदेशी तो १९९९ पर्यंत झळकू शकला नाही. नागरिकत्व गमावलेल्या गुने यांचे ९ सप्टेंबर १९८४ रोजी पॅरिसमध्ये कर्करोगाने निधन झाले. तेव्हा ते अवघे ४७ वर्षांचे होते.