पटवर्धन, आनंद

पटवर्धन, आनंद (१८ फेब्रुवारी १९५० – ). स्वतंत्र माहितीपटकार. जन्म मुंबईत. मुंबई विद्यापीठातून इंग्रजी साहित्याची पदवी (१९७०). पुढे अमेरिकेतील ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्राचा आणि कॅनडातील मॅगिल विद्यापीठात संज्ञापनाचा अभ्यास. ‘हमारा शहर’ (१९८५), ‘राम के नाम’ (१९९२), ‘जंग और अमन’ (२००२), ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) हे त्यांचे गाजलेले माहितीपट. यांतील काहींच्या प्रदर्शनासाठी त्यांना न्यायालयात जावे लागले.

वसुधैव कुटुंबकम (२०२३) : पटवर्धनांचा हा ९६ मिनिटांचा आत्मपर माहितीपट टोरांटो महोत्सवात प्रथम दाखवला गेला. आईवडील थकत चालले तेव्हा त्यांची आठवण जवळ राहावी म्हणून मुलाने घरातच कॅमेरा सुरू केला. चित्रपट करण्याचा बेत तेव्हा नव्हता. दोघे गेल्यानंतर त्या जुन्या चित्रणाला आकार आला. म्हाताऱ्या जोडप्याची थट्टामस्करी, दुखणीखुपणी आणि कॅमेऱ्यामागून विचारणारा मुलगा, असे हे चित्रण आहे. मात्र या घरात जुन्या गोष्टी निघाल्या, की स्वातंत्र्यलढा आपोआप येतो. त्यामुळे या माहितीपटाला निव्वळ खासगी म्हणणे कठीण आहे.

पितृकुल अहमदनगरचे (आता अहिल्यानगर). वडील वासुदेव ऊर्फ बाळू. त्यांचे बंधू रावसाहेब पटवर्धन हे गांधीवादी कार्यकर्ते. साने गुरुजींच्या निधनानंतर (१९५०) आचार्य जावडेकरांबरोबर त्यांनी ‘साधना’ साप्ताहिकाचे संपादन केले. दुसरे बंधू अच्युत पटवर्धन (१९०५–९२) काँग्रेस समाजवादी पक्षाच्या (१९३४) संस्थापकांपैकी एक आणि १९४२च्या भूमिगत चळवळीतील आघाडीचे नेते होते. पुढे त्यांनी सक्रिय राजकारण सोडले.

मातृकुल सिंधमधील हैदराबादचे. फाळणीने ते गाव परदेशात गेले. आई निर्मला शांतिनिकेतनात शिकल्या आणि मृत्तिकाशिल्पकार म्हणून नावारूपास आल्या. मातीच्या भांड्यांवर चढवायच्या झिलईचे प्रयोग त्यांनी दीर्घकाळ केले. झिलईतील घटकांचे प्रमाण आणि भट्टीचे तापमान जुळले नाही, तर रंग बदलतो, झिलई ओघळते किंवा तिला तडे जातात. अशा तपशिलांची माहिती देणारे त्यांचे ‘हँडबुक फॉर पॉटर्स’ हे पुस्तक भारतीय कुंभकलेच्या विद्यार्थ्यांना परिचित आहे.

तुलना : अर्चना अतुल फडके यांच्या ‘अबाउट लव्ह’मध्ये (२०१९) मुंबईतील एकाच घरात राहणाऱ्या तीन पिढ्या येतात. लग्नकार्याच्या गडबडीत नातीचा कॅमेरा घरातील अधिकाराची उतरंड टिपतो. शेफील्डच्या माहितीपट महोत्सवात त्यांना नवोदितांचा पुरस्कार मिळाला. फडक्यांच्या माहितीपटात घरातलीच माणसे एकमेकांना अडवतात, सांभाळतात. पटवर्धनांच्या घराचा दरवाजा सतत रस्त्याकडे उघडा असतो. आपल्या माणसांचे चित्रण कुठवर करावे, हा प्रश्न दोन्हीकडे आहे. त्यावर अभ्यासकांत एकमत नाही.

सन्मान : व्ही. शांताराम जीवनगौरव पुरस्कार (२०१४).