कर्जखतांची होळी

सांगली जिल्ह्याच्या शिराळा तालुक्यातील कुकरूड हे गाव पूर्वी सातारा जिल्ह्यात मोडत असे. सप्टेंबर १८७५ मध्ये तेथील शेतकऱ्यांनी सावकाराच्या घरावर चाल केली. पुणे जिल्ह्यातील सुपे येथे त्याच वर्षी १२ मे रोजी पेटलेल्या उठावाचे हे दूरवरचे पडसाद होते. इतिहास या घटनांना ‘दख्खनचे दंगे’ म्हणतो. परंतु दंगेखोरांना हवे तरी काय होते, हे आपण क्वचितच विचारतो.

त्यांना हवे होते कागद. कर्जखते हाती पडली की ती जाळून जमाव बहुधा माघारी फिरे; कागद देण्यास नकार मिळाला, तेथेच प्रामुख्याने बळाचा वापर झाला. कारण अन्यायाचे यंत्र त्या कागदांतच दडलेले होते. १८५९ च्या मुदतीच्या कायद्यानुसार कर्जखत तीन वर्षेच ग्राह्य असे. हेतू कुळाच्या रक्षणाचा होता. पण सावकार दर तीन वर्षांनी थकलेले व्याज मुद्दलात मिळवून नवे खत लिहून घेत. निरक्षर शेतकरी आपल्याला न वाचता येणाऱ्या मजकुरावर आंगठा उठवी, आणि न्यायालय त्या आंगठ्यालाच प्रमाण मानी.

आज असा हिशेब संगणक मांडतो. नेदरलँड्समध्ये बालसंगोपनाच्या अनुदानावरून हजारो निरपराध कुटुंबे लबाड ठरविली गेली. संशयितांची निवड करण्यात कर खात्याच्या संगणकीय प्रणालीचाही हात होता. जानेवारी २०२१ मध्ये तेथील सरकारला राजीनामा द्यावा लागला. प्रतिकारही नव्या वेषात आला आहे. शिकागो विद्यापीठातील संशोधकांनी २०२४ मध्ये ‘नाइटशेड’ हे साधन चित्रकारांच्या हाती दिले. त्यातून गेलेले चित्र आपल्या डोळ्यांना जवळजवळ पूर्वीसारखेच दिसते. परवानगीवाचून ते गिळणारे यंत्र मात्र चुकीचे धडे घेते.

नासधुशीचे गोडवे आम्ही गात नाही. जाळलेले खत पुन्हा लिहिता येते, बिघडविलेले यंत्रही दुरुस्त होते. १८७५ च्या होळीतून निपजलेले खरे फळ म्हणजे १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा. पुणे, अहमदनगर, सोलापूर व सातारा या जिल्ह्यांतील न्यायालयांना त्याने कर्जखतामागचा व्यवहार मुळापासून तपासण्यास लावले. सावकारी त्याने संपली नाही. पण खत हा शेवटचा शब्द राहिला नाही.

उद्या आपल्या मुलांना नोकरी वा कर्ज यंत्राच्या निर्णयावरून नाकारले गेले, तर ‘हिशेब उघडून दाखवा’ असे म्हणण्याचा अधिकार आपल्यापाशी असावा. कुकरूडच्या शेतकऱ्यांना तो मिळण्यास चार वर्षे लागली.