अजिंठ्याच्या भिंतीवरचा लाखेचा थर

अजिंठ्याच्या चित्रांवरचा सर्वांत वरचा थर वाकाटकांच्या काळातला नाही. तो अलीकडच्या दीडशे वर्षांतला आहे आणि रंगाचा नसून व्हार्निशचा आहे. काळाला भिंतीवरच थोपवून धरील असे एखादे जादूचे द्रव्य मिळावे, ही चित्र जपणाऱ्या प्रत्येकाची आस असते. अजिंठ्यात ते आपल्या हाती आहे असे निदान दोनदा मानले गेले. त्या दोन्ही वेळचे छापील ग्रंथ, कॅनव्हास आणि फोटो शिल्लक आहेत. भिंतही शिल्लक आहे, आणि माझ्या मते सर्वांत भरवशाचा दस्तऐवज तीच आहे.

मूळ काम ओल्या चुन्यावरचे नव्हे. माती, भाताचा तूस आणि वनस्पतींचे तंतू कालवून गिलावा केलेला, त्यावर पातळ सफेदी, आणि ती वाळल्यावर चिकट बंधकात कालवलेले रंग. गेरू, पिवळी माती, हिरवी माती, काजळी, चुना. निळा मात्र लाजवर्दाचा, म्हणजे थेट बदख्शानच्या खाणीतला. ९ आणि १० क्रमांकाच्या लेण्यांतल्या इसवी सनापूर्वीच्या चित्रांत तो आढळत नाही. पाचव्या शतकाच्या उत्तरार्धात, वाकाटक राजा हरिषेणाच्या अमदानीत रंगवलेल्या लेण्यांत आढळतो. हा सगळा रंग वाळल्यावर कोरडा आणि बिनचकाकीचा दिसतो. त्यावर धूर, धूळ आणि वटवाघळांची घाण बसली की अंधाऱ्या लेण्यात रेषा शोधावी लागते.

अर्वाचीन काळातली पहिली पक्की तारीख भिंतीनेच जपली आहे. मद्रास लष्करातल्या जॉन स्मिथने १० क्रमांकाच्या लेण्यातल्या चित्रित बोधिसत्त्वावर आपले नाव आणि २८ एप्रिल १८१९ ही तारीख कोरून ठेवली. पुढे १८४४ मध्ये कंपनी सरकारने रॉबर्ट गिलला नकला काढायला पाठवले. त्याच्या वर्षानुवर्षांच्या मेहनतीतले बहुतेक कॅनव्हास लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये १८६६ साली जळाले. म्हणून १८७२ मध्ये मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमधून जॉन ग्रिफिथ्स पेस्तनजी बोमनजी आणि इतर विद्यार्थ्यांना घेऊन आला आणि १८८५ पर्यंत काम चालले.

या तुकडीने चित्र स्पष्ट दिसावे म्हणून भिंतीला स्वस्तातले व्हार्निश लावले. त्यांना मोह का पडला असेल, ते समजून घेतले पाहिजे. खडबडीत, कोरड्या पृष्ठभागावर उजेड विखुरतो आणि रंग फिका दिसतो. व्हार्निश त्या बारीक खाचा भरून काढते. ब्रश फिरताच तांबडा गडद होतो, काळी रेषा उठून येते, हरवलेला हात किंवा डोळा क्षणात समोर येतो. दीड हजार वर्षे मागे गेल्यासारखे त्या विद्यार्थ्यांना वाटले असल्यास नवल नाही.

त्यांच्या नकलांचेही नशीब खडतरच. १८८५ मध्ये लंडनमधल्या साउथ केन्सिंग्टनच्या आगीत शंभरावर गेल्या. १६६ आज व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये आहेत. भिंतीवरून पुढे नाहीसे झालेले तपशील त्यांत टिकले, म्हणून त्या अमोल आहेत. पण रंगाच्या बाबतीत त्यांची साक्ष जपून घ्यावी: जिथे आधी व्हार्निश लागले, तिथे नक्कल व्हार्निश लावलेल्या भिंतीची आहे. रेषेवर विश्वास ठेवावा, छटेवर नाही.

दुसरी वेळ निजामाच्या राजवटीतली. १९१४ मध्ये हैदराबाद संस्थानाचे पुरातत्त्व खाते निघाले आणि गुलाम यझदानी त्याचे पहिले संचालक झाले. तोवर ब्रिटिश चित्रकार ख्रिस्तियाना हेरिंगहॅमच्या तुकडीने १९०९ ते १९११ च्या हिवाळ्यांत नकला केल्या होत्या. त्या तुकडीत नंदलाल बोस होते, तसेच हैदराबादचे सय्यद अहमदही.

१९२० ते १९२२ या काळात इटलीहून प्रा. लोरेन्झो चेक्कोनी आणि काउंट ओर्सिनी आले. सुटू लागलेला गिलावा त्यांनी बसवला, साफसफाई केली आणि लाखेचा हात दिला. ही लाख म्हणजे सुतार पॉलिशसाठी स्पिरिटमध्ये विरघळवतो तीच चपडा लाख, पळस-बोरीवरच्या किड्यांची. यझदानींनी या कामाची मनापासून तारीफ केली. ती खोटी नव्हती: गिलाव्याचे पुष्कळ तुकडे त्यामुळेच भिंतीवर राहिले. चूक लाखेपुरती होती. जुनी लाख पिवळी पडते, मग तपकिरी होते, आणि पुन्हा स्पिरिटलाही दाद देत नाही. पिवळ्या थराखालचा लाजवर्द हिरवट दिसतो. थर आक्रसून सुटतो तेव्हा खालचा रंगही घेऊन सुटतो. ज्याने काळ थांबवायचा, त्याच द्रव्यावर काळ सर्वांत ठळक उमटला.

१९५३ पासून लेणी भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाकडे आहेत. १९९९ पासून राजदेव सिंह यांच्या देखरेखीखाली ९ आणि १० क्रमांकाच्या लेण्यांतली काजळी आणि लाख अत्यंत सावकाश उतरवली गेली, आणि खालून दोन हजार वर्षांपूर्वीचे चेहरे वर आले.

मराठवाड्यातल्या वाचकांना एवढेच सांगणे आहे. जत्रेआधी गावच्या जुन्या देवळाच्या दगडी खांबांना ऑइलपेंट मारण्याचा विषय निघेल, तेव्हा तो थांबवा. आधी प्रत्येक खांबाचे फोटो काढा, त्यांवर तारीख घाला, आणि पुरातत्त्व विभागाला विचारल्याशिवाय डबा उघडू देऊ नका.