उसाच्या मुळाशी असलेली बुरशी

झाडे जमिनीखालच्या बुरशीच्या धाग्यांतून एकमेकांना निरोप धाडतात, हा मजकूर आपल्या बॅचच्या ग्रुपवर फिरून फिरून येतो. त्यात खरे किती, असे कुणीतरी विचारतेच. म्हणून या कल्पनेचा हा थोडा इतिहास.

सुरुवात झाली ती चक्क खाण्याच्या हौसेतून. प्रशियाच्या सरकारला ट्रफल ही जमिनीत वाढणारी महागडी बुरशी पिकवायची होती. काम आले आल्बर्ट फ्रांक या वनस्पतिशास्त्रज्ञाकडे. ट्रफलची शेती काही जमली नाही, पण झाडांच्या कोवळ्या मुळांना बुरशीने वेढलेले त्याला दिसले. हा रोग नव्हे, ही देवघेव आहे, असे त्याने १८८५ साली मांडले आणि तिला मायकोरायझा हे नाव दिले. बुरशी लांबून स्फुरद आणि पाणी आणते, झाड तिला साखर देते. आपल्याकडे नीरा डावा कालवा आला तोही याच सुमारास.

पुढचा टप्पा इंदूरचा, म्हणजे होळकरांच्या संस्थानातला. (होळकर मूळचे आपल्याच नीरेकाठच्या होळ गावचे, हे इथे सांगायला नकोच.) १९२४ ते १९३१ या काळात सर अल्बर्ट हॉवर्ड यांनी तिथे कंपोस्टची ‘इंदूर पद्धत’ बसवली. पुढे १९४० च्या पुस्तकात त्यांनी पिकाच्या आरोग्याचे बरेचसे श्रेय मायकोरायझाला देऊन टाकले. माणूस मोठा, पण इथे पुराव्याच्या पुढे धावला.

तेच पुन्हा घडले. १९९७ मध्ये कॅनडातल्या सुझान सिमार्ड यांनी भूर्ज आणि डग्लस फर या झाडांमध्ये कार्बनची अदलाबदल होते असे दाखवले. ‘नेचर’ने मुखपृष्ठावर त्याला ‘वुड वाइड वेब’ म्हटले आणि गोष्ट सुटली. वास्तविक तो प्रयोग कार्बनचा होता, निरोपांचा नव्हे. निरोपांचा पुरावा आला तो पिकांतून. २०१० मध्ये चीनमध्ये करपा झालेल्या टोमॅटोच्या शेजारचे, बुरशीने जोडलेले रोप आधीच सावध झालेले आढळले. २०१३ मध्ये स्कॉटलंडच्या संशोधकांना घेवड्याच्या जातीच्या एका पिकावर मावा सोडून असेच दिसले. मात्र ही सारी मोजकी रोपे, बंदिस्त मातीत. मोठे झाड बुरशीतून आपल्या पिलांना इशारा देते, याला प्रत्यक्ष जंगलात पुरावा नाही, असे २०२३ मध्ये तीन शास्त्रज्ञांनी साफ लिहिले. त्यातल्या मेलनी जोन्स तर १९९७ च्या लेखाच्या सहलेखिका! मला या साऱ्या प्रकरणात सर्वांत आवडलेली गोष्ट हीच.

आपल्या उसाच्या मुळातही ही बुरशी असते. ती बोलते की नाही हे पुढे ठरेल. स्फुरद आणते हे ठरलेले आहे. पण जमिनीत स्फुरद आधीच भरपूर असेल, तर पीक तिला फारसे जवळ करत नाही. नांगरट तिचे धागे तोडते, साचलेले पाणी तिला मानवत नाही. नीरा खोऱ्यातल्या खारवट जमिनींवर हॅरल्ड मान आणि तम्हाणे यांनी १९१० मध्येच पुस्तिका लिहिली होती, म्हणजे कालव्याला जेमतेम पंचवीस वर्षे झाली तेव्हा.

आता कृषी सेवा केंद्रात मायकोरायझाच्या पुड्या मिळतात. घ्यायच्या आधी माती परीक्षणातला स्फुरदाचा आकडा पाहा. तो कमी असेल तर चार सऱ्यांना पुडी टाका, शेजारच्या चार तशाच ठेवा. तीन महिन्यांनी दोन्हीकडची बारीक मुळे घेऊन या. ती उकळून निळ्या रंगात बुडवली, की शाळेच्या सूक्ष्मदर्शकाखालीही बुरशी दिसते.