काळात वाढणारा वृक्ष

काळास पुरून उरणारे वृक्ष आपल्या परंपरेत थोडेथोडके नाहीत. गीतेच्या पंधराव्या अध्यायातील अश्वत्थाची मुळे वर आणि शाखा खाली. प्रयागचा अक्षयवट प्रलयातही उभा राहतो अशी श्रद्धा. ही रूपकाची भाषा आहे आणि तीस पुरावा मागणे अरसिकपणाचे ठरेल. परंतु विसाव्या शतकात एका ज्योतिर्विदाने असा एक वृक्ष उभा केला, की जो कोणत्याही अरण्यात कधी उगवला नाही, आणि तरीही ज्याच्या साक्षीपुढे उलटतपासणीस फारशी जागा उरू नये. देवस्थानांच्या मंडळींनी त्याची हकिगत ऐकावी असे आम्हांस वाटते.

अँड्र्यू डग्लस हे अमेरिकेतील अॅरिझोनात सूर्यावरील डागांचा विचार करीत होते. हे डाग सुमारे ११ वर्षांच्या आवर्तनाने वाढतात व घटतात. त्यांचा परिणाम पावसावर होत असेल, तर तो झाडांच्या खोडांतील वर्तुळांत उमटला पाहिजे, हा त्यांचा तर्क. सूर्याने त्यांस फारशी दाद दिली नाही. झाडांनी मात्र दिली. त्या कोरड्या मुलखात ओल्या वर्षी रुंद वर्तुळ पडते, अवर्षणात अरुंद. आणि रुंद-अरुंदांचा हा क्रम आसपासच्या झाडांत सारखाच आढळतो. जिवंत झाडाच्या आतील वर्तुळांचा क्रम एखाद्या जुन्या तुळईच्या बाहेरील वर्तुळांशी जुळला, की त्या तुळईला धरून आणखी मागे जाता येते. तिच्या आतील वर्तुळांशी तिसरे लाकूड जुळते, त्याच्याशी चौथे. नुसती मोजदाद नव्हे, ही वंशावळच होय.

तेथील मूलवासीयांच्या ओसाड वाड्यांतील लाकडांची ५८५ वर्षांची एक साखळी डग्लस यांनी जुळविली होती. पण तिचे दुसरे टोक वर्तमानास बांधलेले नव्हते. १९२९ साली शो-लो या गावी एक जळका तुकडा मिळाला. त्यात इ. स. १२३७ ते १३८० पर्यंतची वर्तुळे होती, आणि दोन्ही साखळ्या त्याने सांधल्या. ज्या भव्य वास्तूंविषयी तोवर केवळ अंदाज चालत, त्यांच्या लाकडांस वर्षे मिळाली. पुढे जर्मनीतील होहेनहाइम येथे ओक व पाइन यांची अशीच साखळी १२,४६० वर्षे मागे नेण्यात आली. ती २००४ साली प्रसिद्ध झाली. इतके आयुष्य त्यातील एकाही झाडास लाभले नव्हते.

आमच्या पेशातील वाचकांस १९३५ सालचा लिंडबर्ग बालकाच्या अपहरणाचा व हत्येचा खटला आठवेल. गुन्ह्याच्या जागी सापडलेल्या शिडीचे एक लाकूड आरोपीच्या माळ्यावरील फळीचाच भाग आहे, हे आर्थर केलर या काष्ठतज्ज्ञाने खिळ्यांची भोके व वर्तुळे जुळवून दाखविले. मधला तुकडा नाहीसा झाला होता. वर्तुळांनी ती फट बुजविली.

अर्थात या साक्षीदाराच्या मर्यादा आहेत. वर्तुळ सांगते ते झाड वाढल्याचे वर्ष, वास्तू उभारल्याचे नव्हे. सालीलगतचे वर्तुळ शिल्लक असेल तरच झाड केव्हा तोडले ते कळते. खांब कोरताना बाहेरचे लाकूड तासून गेले असेल, तर “या वर्षाच्या पूर्वीचे नाही” इतकेच म्हणता येते. पाडलेल्या घराची तुळई नव्या घरात बसविण्याची चाल तर सर्वत्र आहे. शिवाय सर्वच झाडे बोलकी नसतात. कोकणात खांबांस मान असलेला फणस या कामी बहुधा मुकाच. साग मात्र पानझडी. नव्या हंगामाच्या आरंभी त्याच्या लाकडात मोठ्या छिद्रांची ओळ पडते व वर्ष वेगळे दिसते. पुण्याच्या उष्णदेशीय हवामान संस्थेतील संशोधकांनी केरळातील सागांवरून ५२३ वर्षांची मालिका २०१० साली प्रसिद्ध केली.

हा आकडा गोमंतकीयाने थांबून वाचावा. ५२३ वर्षे म्हणजे आपल्या देवतांच्या स्थलांतराच्या मागे जाणारा काळ. १५६० मध्ये मंगेश कुशस्थळीहून प्रियोळास आला. त्याच शतकात वेरण्याची महालसा मर्दोळास आणि केळशीची शांतादुर्गा कवळ्यास. त्यानंतर कोणती वास्तू केव्हा उभी राहिली, केव्हा वाढली, याविषयी पुष्कळदा परंपरा बोलते, कागद बोलत नाही. जेथे कागद नाही तेथे तुळई बोलू शकेल. केरळचा पाऊस म्हणजे गोव्याचा पाऊस नव्हे, म्हणून येथील साखळी येथल्याच सागांतून बांधावी लागेल. पण नेमके तेच लाकूड जीर्णोद्धाराच्या उत्साहात सरपणास जाते. वाळवीने खाल्लेला खांब काढू नये असे कोणी म्हणत नाही. संगमरवरी फरशी व सिमेंटचे छत ज्याच्या त्याच्या आवडीचा प्रश्न. आम्हांस ती आवड नाही, एवढे सांगून पुढे जातो. परंतु महाजनांच्या सभेत जीर्णोद्धाराचा ठराव होतो तेव्हा सोने-चांदी व भांडीकुंडी यांची यादी होते. तीत उतरविलेल्या लाकडांचीही व्हावी. तुळई खाली आली, की सालीचा अंश राहिलेली कड शोधून तेथे आडवी, वीतभर जाडीची चकती कापावी, सावलीत ठेवावी, आणि ती कोणत्या मंडपातील, कोणत्या बाजूची, हे तिच्यावर रंगाने लिहावे. खडूने नको, तो पहिल्याच पावसाळ्यात पुसला जातो.