रावबहादुर धुरंधरांच्या चित्रांतील स्त्रिया

रावबहादुर महादेव विश्वनाथ धुरंधर (१८६७–१९४४) यांची ओळख पाठारे प्रभू ज्ञातिबांधवांस नव्याने करून द्यावयास नको. कोल्हापुरास जन्मलेले धुरंधर १८९० साली मुंबईच्या सर जे. जे. कलाशाळेत आले, पुढे तेथेच शिक्षक झाले व १९३१ साली निवृत्त झाले. ‘कलामंदिरातील एक्केचाळीस वर्षे’ हे त्यांच्या आत्मकथनाचे नाव त्याच हिशेबाचे आहे. येथे आम्हांस त्यांच्या एकाच कामाविषयी लिहावयाचे आहे.

सनदी नोकरीतील ऑटो रॉथफील्ड यांचे हिंदुस्थानातील स्त्रियांवरील इंग्रजी पुस्तक १९२० साली प्रसिद्ध झाले. त्यातील ४८ रंगीत चित्रे धुरंधरांची. चित्राखाली बहुधा जात, प्रांत किंवा धंदा छापलेला असे. चित्रातील बाईचे नाव मात्र नसे. कलाशाळेची शिस्त म्हणजे समोर माणूस बसवून रेखाटन करणे. तेव्हा यांतील पुष्कळ मुद्रांमागे कोणी हाडामांसाची स्त्री असणारच. कागदावर येताच ती ‘अमक्या जातीची स्त्री’ झाली!

याउलट एखादा शेटजी स्वतःचे तैलचित्र करवून घेई, तेव्हा मुद्रा हुबेहूब साधावी असा त्याचा आग्रह असे आणि चौकटीवर त्याचे नाव झळके. कुंचला तोच, कसबही तेच. चित्र कोणी मागितले आणि खाली काय लिहिले, एवढ्यावरच कोणी व्यक्ती ठरे, कोणी नमुना.

धुरंधरांस दोष देण्याचा आमचा हेतू नाही. मुंबईच्या रस्त्यांवरील माणसे त्यांनी ज्या मायेने रेखाटली, ती परक्या नजरेची नव्हे. पण आपणही ही चित्रे कशी पाहतो? लुगड्याची नेसण, नथ, अंबाडा पाहून ‘ही आपली’ असे आनंदाने म्हणतो आणि पान उलटतो. चेहरा पाहावयाचा राहूनच जातो.

धुरंधरांच्या कन्या अंबिकाबाई (१९१२–२००९) याच कलाशाळेत शिकून चित्रकर्त्री झाल्या आणि ‘माझी स्मरणचित्रे’ हे आत्मकथन त्यांनी स्वतःच्या नावाने लिहिले. असे भाग्य थोड्यांचेच.

आपल्या घरोघरी आज्या-पणज्यांच्या तसबिरी आहेत. जुनी घरे पाडली जात असता त्या माळ्यावरून निघतात, आणि ‘ही कोण?’ या प्रश्नास उत्तर देणारे कोणी उरलेले नसते. ज्येष्ठ मंडळींस आमची विनंती आहे की, तसबिरीमागे त्या बाईचे सासरमाहेरचे नाव, गाव आणि साल पेन्सिलीने लिहून ठेवावे.